हिरवा पट्टा

मच्छिंद्रला स्टेंट टाकून घरी आणलं, त्यानंतरच्या रविवारी प्रीतीने कपाटातून तृप्तीचं घड्याळ काढलं, चार्जिंगला लावलं आणि संध्याकाळी बापाच्या मनगटावर बांधलं. तृप्तीचं मनगट बारीक होतं. पट्टा दोन भोकं सैल करावा लागला.

प्रीती थोरली, संभाजीनगरला एका दवाखान्यात नर्स. तृप्ती धाकटी. दिवाळी झाल्यावर ती गेली आणि संक्रांतीनंतर बापाच्या छातीत कळ आली.

नंदाबाई स्वयंपाकघराच्या दारातून बघत होती. "ते कशाला काढलं गं?" तिने विचारलं.

"नानाला पाहिजे म्हणून, माय. रोज थोडं थोडं चाला म्हणलेत डॉक्टर. पण किती चालायचं, कवा थांबायचं, हे नानाला समजत न्हाई. हे सांगतं."

"ठोके मोजायला डॉक्टर हायेत की," मच्छिंद्र म्हणाला.

"ठोके न्हाई, नाना. ठोक्यांमधलं अंतर. आपलं काळीज एकसारखं टिकटिक करत न्हाई. एक ठोका जरा लवकर पडतो, दुसरा जरा दमानं. हा फरक जितका जास्त, तितकं शरीर आरामात. माणूस थकला, आजारी पडला, घोर लागला, की ठोके शिपायासारखे एका रांगेत चालायला लागतात. तुम्ही झोपल्यावर हे मोजतं, अन् सकाळी आकडा सांगतं. आकडा हळूहळू वर यायला लागला की समजायचं, तब्येत सुधरून राह्यली."

"म्हंजे बेशिस्त चांगली," मच्छिंद्र म्हणाला. कितीतरी दिवसांनी तो असं काही बोलला होता, म्हणून प्रीतीला हसू आलं आणि लगेच रडूही आलं.

घड्याळ तृप्तीच्या फोनला जोडलेलं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी प्रीतीने फोन उघडून बापापुढे धरला. वर इंग्रजीत लिहिलं होतं, 'गुड मॉर्निंग, तृप्ती.' मच्छिंद्रने ते अक्षर अक्षर लावून वाचलं. खाली एक आडवा हिरवा पट्टा होता आणि पट्ट्याच्या कितीतरी खाली एक लाल ठिपका.

"हे काय?"

"पट्टा तिचा हाय. तिचे रोजचे आकडे या पट्ट्यात असायचे. खालचा ठिपका तुमचा, रातचा." प्रीतीचा आवाज उतरला. "ते म्हणतंय, तृप्ती, आज तुझी रिकव्हरी लई कमी हाय, आराम कर. थांबा नाना, माझ्या ध्यानातच आलं न्हाई. तुमच्या नावानं नवं खातं उघडते."

"राहू दे."

"अहो, ते तुम्हाला ती समजून राह्यलंय."

"समजू दे," मच्छिंद्र म्हणाला आणि त्याने फोन हातात घेतला.

तृप्तीला पळायचा नाद शाळेपासून. हसनाबादपासून जवळच असलेल्या त्यांच्या गावात मुलींनी पहाटे रस्त्यावर पळायचं, ही गोष्ट तिच्यामुळे सुरू झाली. पहिल्यांदा लोक बघायचे, मग बघायचे बंद झाले. पोलीस भरतीत एकदा ती थोडक्यात राहिली होती. दुसऱ्या वेळेची तयारी चालू होती. घड्याळ तिला संभाजीनगरच्या एका शर्यतीत बक्षीस मिळालं होतं. तेव्हापासून डोळे उघडले की आधी घड्याळ बघायचं आणि मग पांघरूण सारायचं, ही तिची रीत. "आज हिरव्यात हाय, नाना. आज लांब जाते," असं म्हणाली की तिच्या पायात बळ आलेलं दिसायचं. एखाद्या दिवशी तोंड पाडून म्हणायची, "आज बॉडी न्हाई म्हणती."

मच्छिंद्र एसटीत ड्रायव्हर. पहाटेची ड्युटी असली की बापलेक एकाच वेळी उठायचे. तो बूट घालता घालता तिला डिवचायचा, "आमच्या गाडीला असं घड्याळ बांधलं तर ती रोजच म्हणंल, आज बॉडी न्हाई."

गावाबाहेर भोकरदनच्या अंगाला नदीवर पूल आहे. मधे जरा उंचावलेला, दोन्हीकडे सिमेंटचे कठडे. पुलावर विजेचे खांब आहेत, पण त्यांवर दिवे कधी लागले नाहीत. पुलापलीकडचा रस्ता सरळ आणि चांगला, म्हणून मुली तिकडे पळायला जात. त्या सकाळी बाकीच्या दोघी आल्या नव्हत्या. तृप्ती एकटीच निघाली. उजाडायला अवकाश होता. पुलावर मागून आलेल्या कोणत्या तरी गाडीने तिला उडवलं आणि गाडी थांबली नाही. उजाडल्यावर दूध घेऊन निघालेल्या माणसाला ती कठड्याशी दिसली. भोकरदनला नेईपर्यंत सगळं संपलं होतं. मच्छिंद्र तेव्हा मुक्कामी गाडी घेऊन परगावी होता. दवाखान्यातून एका पिशवीत कानातले आणि घड्याळ मिळालं. गाडी कोणाची, याचा पोलिसांना पत्ता लागला नाही.

स्टेंट टाकल्यावर मच्छिंद्र रोज सकाळी चालायला जाऊ लागला, पण शाळेच्या बाजूला. पुलाकडे नाही. जायच्या आधी फोन बघायचा. 'गुड मॉर्निंग, तृप्ती' दिसलं की तो हळूच म्हणायचा, "उठलो, बाई." नंदाबाईने पहिल्यांदा ते ऐकलं तेव्हा ती चुलीपुढून उठून मागच्या अंगणात गेली आणि बराच वेळ आली नाही. पण काही दिवसांनी तीच चहा देताना विचारायला लागली.

"काय म्हणतंय आज?"

"तृप्तीची झोप बरी झाली म्हणतंय."

"अन् चालायचं?"

"थोडं चाल म्हणतंय. जादा न्हाई."

"मंग जादा जाऊ नका," नंदाबाई म्हणायची. दोघांनाही यात वेगळं काही वाटत नव्हतं. घरात रोज एकदा तिचं नाव निघत होतं, आणि तेही रडल्याशिवाय.

फाल्गुन लागला तेव्हा प्रीती सुट्टी घेऊन आली. आल्या आल्या तिने फोन बघितला आणि तिचा चेहरा खुलला. "नाना! तुम्ही पट्ट्यात आलात!"

मच्छिंद्रने बघितलं. ठिपका हिरवा झाला होता. "मी तिच्याएवढा झालो?" त्याने आश्चर्याने विचारलं.

"तसं न्हाई. तुमचा आकडा जरासाच वर गेलाय. पट्टा खाली आला." प्रीती खुशीत सांगत होती. "ते मागच्या काही आठवड्यांचा हिशेब धरतं ना. आता सगळे आठवडे तुमचेच झाले. म्हणून हा पट्टा तुमचा."

मच्छिंद्रने मनगटावरून घड्याळ सोडलं आणि पलंगावर ठेवलं.

"काय झालं, नाना?"

"म्हंजे मी रोज हे बांधून तिचे आकडे पुसत गेलो."

"पुसले कुठं? सगळे हायेत. हे बघा, मागं सरकवलं की दिसतात." तिने बोटाने रेघ मागे सरकवली. पौष, मार्गशीर्षाच्या दिवसांची कोरी जागा गेली. मग कार्तिक आला आणि तृप्तीचे ठिपके एकदम वर चढले. जणू कोणी उडी मारली असावी.

"शेवटच्या दिवशी काय होता?" मच्छिंद्रने विचारलं.

प्रीतीने उगाच फोनची काच पुसली. "चांगला होता. त्या महिन्यातला सगळ्यात चांगला."

मच्छिंद्रने मान हलवली. ती घरातून कशी निघाली असेल, हे त्याला दिसलं. "अन् ही नकाशावरची रेघ कशाची?"

"काही न्हाई, पळतानाची हाय. द्या इकडं."

"प्रीती."

"नाना, नको."

"मी ड्रायव्हर माणूस हाय. ती पळत गेली तिथवरची रेघ मला कळती. इथं पुलापाशी थांबली. पण खालची ठोक्यांची रेघ थांबली न्हाई. ती पुढं चाललीय."

नंदाबाई शेजारी गेली होती. घरात दोघंच होती. प्रीती जमिनीवर बसली आणि तिने बापाच्या गुडघ्यावर डोकं टेकलं. "व्हती ती, नाना," ती म्हणाली. "लगेच न्हाई गेली. बराच वेळ व्हती. मी पहिल्याच आठवड्यात बघितलं. कुणाला सांगू मी? मायला सांगू?"

मच्छिंद्र तिच्या डोक्यावरून हात फिरवत राहिला. त्या पहाटे रस्ता बंद नव्हता. दुधाच्या गाड्या, बाजाराला जाणारे टेम्पो, सगळे त्या पुलावरून गेले असणार. ती कठड्याशी पडलेली होती आणि कोणालाच दिसली नाही.

"मायला सांगू नको," तो शेवटी म्हणाला.

प्रीतीने त्या संध्याकाळी त्याच्या नावाने वेगळं खातं उघडलं, ते त्याच्याच फोनवर, आणि घड्याळ त्याला जोडून पुन्हा बापाच्या मनगटावर बांधलं. तृप्तीचा फोन बंद करून कपाटात ठेवला. दुसऱ्या दिवशी ती परत गेली.

मच्छिंद्रला आता एकच गोष्ट सुचत होती, पुलावर दिवे लागले पाहिजेत. ग्रामपंचायतीने दिव्यांसाठी आधी दोनदा अर्ज दिला होता. पाहणी झाल्याचं उत्तर आलं होतं. पाहणीला साहेब लोक येत ते दिवसा. दिवसा पूल धडधाकट दिसतो. अंधारात तो कसा असतो, ते दाखवल्याशिवाय कोणाला कळणार नाही, असं त्याला वाटलं. तो भोकरदनला मुजाहिदच्या फोटो स्टुडिओत गेला. भरतीच्या अर्जावरचा तृप्तीचा फोटो मुजाहिदनेच काढला होता. भिंतीवर हार घातलेला फोटोही त्याचाच मोठा केलेला. तो पस्तिशीचा, बोलायला मोकळा माणूस, पण मच्छिंद्रला बघून त्याने समोरच्या गिऱ्हाइकाला थांबवलं आणि स्टूल पुढे केलं.

"चाचा, रातच्याला फोटो काढायचा? बिलकुल काढू. मी येतो, तुम्ही एकटे जाऊ नका."

दिवस मावळून चांगलं अंधारल्यावर दोघे पुलावर गेले. अमावस्या जवळ आली होती. मच्छिंद्र इथून गेला होता तो गाडीत बसूनच, पायी तर कित्येक वर्षांत आला नव्हता. मुजाहिदने रस्त्याच्या कडेला स्टँड उभा केला, त्यावर कॅमेरा बसवला. "हलू नका चाचा, जरा टाइम लागतो," म्हणाला. कॅमेऱ्यात खट्ट झालं. मग बराच वेळ काहीच नाही. तेवढ्यात एक ट्रक पूल ओलांडून गेला. पुन्हा खट्ट झालं.

मुजाहिदने मागचा पडदा दाखवला. मच्छिंद्र बघतच राहिला. पडद्यावर पूल लख्ख उजळला होता. कठड्याची भेग न् भेग दिसत होती. आभाळ निळं, त्यात चांदण्या. खालचं पाणी दुधासारखं. ट्रक कुठेच नव्हता, त्याच्या दिव्यांची फक्त एक तांबडी रेघ पुलावरून वळून गेली होती.

"हे कुठलं?" मच्छिंद्रने विचारलं.

"हेच, चाचा. हाच पूल."

"इतका उजेड कुठं हाय इथं?"

"झाकण जास्त वेळ उघडं ठेवलं की कॅमेरा थोडा थोडा उजेड गोळा करत राहतो. आपल्या डोळ्याला ते जमत न्हाई."

"मंग डोळ्याला दिसतं तसा काढ. हा फोटो बघून कोण म्हणंल की अंधार हाय?"

मुजाहिदने काही बटणं फिरवली आणि दुसरा काढला. तो काळा आला. वरच्या बाजूला आभाळ किंचित फिकं, तेवढंच.

"बराबर," मच्छिंद्र म्हणाला. "आता मी तिकडं जाऊन उभा राहतो. मी दिसतो का बघ."

तो कठड्याला हात लावत चालत गेला. मुजाहिद मागून हाका मारत होता. पुलाच्या मधे, दूधवाल्याने सांगितलेल्या जागेपाशी तो थांबला. मग त्याला वाटलं, ती तर उभी नव्हती. तो कठड्याला टेकून खाली बसला, मग आडवा झाला. सिमेंट अजून दिवसाचं ऊन धरून होतं.

"चाचा, कुठे गेलात? दिसून न्हाई राह्यले तुम्ही!"

गावाच्या बाजूने एक गाडी आली. मच्छिंद्रने चढावर गाडीचा आवाज बदललेला ऐकला. दिव्यांचा झोत वर आला, त्याच्या अंगावरून वरच्या वर गेला आणि समोरच्या आभाळात लागला. पूल उंचावलेला असल्याने चढणाऱ्या गाडीचा उजेड रस्त्यावर पडतच नव्हता. गाडी उतारावर लागेपर्यंत ती त्याच्या शेजारून निघूनही गेली. या पुलावरून त्याने स्वतः किती वर्षं एसटी नेली होती. सीटवर बसून त्याला हा पूल कधी अंधारा वाटला नव्हता. त्याच्यापुढे कायम त्याच्याच गाडीचा उजेड असायचा.

मुजाहिद पळत आला आणि त्याने त्याला दंडाला धरून उठवलं. "या अल्ला, चाचा! काय करून राह्यले तुम्ही?" तो रडवेला झाला होता. मुजाहिदने त्याला कठड्यापासून दूर, रस्त्याखाली नेऊन बसवलं, पाणी पाजलं आणि मोटारसायकलवर घरी सोडलं. नंदाबाईला त्याने काहीच सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळीच प्रीतीचा फोन आला. नव्या खात्यावरचे आकडे तिलाही दिसत. "नाना, काल कुठं गेल्तात? आकडा एकदम पडलाय. चार दिवस घराबाहेर पडायचं न्हाई, सांगून ठेवते."

"फोटो काढायला गेल्तो," तो म्हणाला. आवाजावरून तिने सगळं ओळखलं असावं. ती पुढे रागावली नाही.

अर्ज घेऊन तो आणि मुजाहिद दोघेच बांधकाम खात्याच्या कचेरीत गेले. साहेब वयाने लहान होता आणि वाईट नव्हता. त्याने दोघांना खुर्च्या दिल्या. दोन्ही फोटो टेबलावर ठेवले. मच्छिंद्रला उजेडाचा फोटो न्यायचा नव्हता, पण पूल कोणता ते कळायला पाहिजे म्हणून मुजाहिदने तो घेतला होता. साहेबाने आधी तोच उचलला.

"काय सुंदर काढलाय हो! हा आपल्याकडचा पूल आहे?" मग त्याने काळा फोटो उचलून खिडकीच्या उजेडात धरला. "यात तर काहीच दिसत नाही."

"काहीच दिसत न्हाई, साहेब," मच्छिंद्र म्हणाला. "माझी पोरगी तिथं पडलेली व्हती."

साहेबाने फोटो खाली ठेवला. मग त्याने सांगितलं की रस्ता एका खात्याचा आणि दिव्यांचं बिल दुसऱ्याचं, त्यामुळे हे अडकलेलं आहे, पण तो वर कळवेल. त्याने अर्ज घेतला, शिक्का मारून दिला. वैशाख सरला तरी दिवे आले नाहीत. एकदा कोणीतरी येऊन कठड्याला रेडियमच्या पट्ट्या चिकटवून गेलं. तेवढंच झालं.

उजेडाचा फोटो मात्र साहेबाने मुजाहिदकडून फोनवर मागून घेतला होता. त्याच्याकडून तो आणखी कोणाकोणाकडे गेला. महिन्याभरात तो तालुकाभर लोकांच्या स्टेटसला दिसायला लागला. 'आपलं गाव, आपला पूल' असं कोणीतरी त्यावर लिहिलं. मुजाहिद मच्छिंद्रपुढे येऊन हात जोडून उभा राहिला. "चाचा, मी देयला नव्हतं पाहिजे."

"तुझा काय गुन्हा?" मच्छिंद्र म्हणाला. "फोटो चांगलाच हाय."

एका दुपारी नंदाबाई भाचीच्या फोनमधलं काहीबाही बघत होती. "अहो, हे बघा," ती म्हणाली. "किती चांगलं हाय. परदेशातलं असंल का?"

मच्छिंद्रने बघितलं. त्याला खोटं बोलता आलं असतं. "आपला पूल हाय तो," तो म्हणाला. "मुजाहिदनं काढला. मी संगं व्हतो."

नंदाबाईने फोन डोळ्यांजवळ नेला. मुलगी गेल्यापासून ती पुलाकडे फिरकली नव्हती. माहेरी जायचं तरी दुसऱ्या रस्त्याने लांबून जायची. ती कितीतरी वेळ फोटो बघत राहिली. बोटाने मोठा करून कठड्याच्या कडेने सावकाश सरकवत राहिली. मग तिने फोन भाचीला परत दिला आणि भांडी घासायला गेली. रात्री जेवताना म्हणाली, "मला एकदा घेऊन चला."

मच्छिंद्रची तपासणी भोकरदनला असायची. पुढच्या वेळी ती त्याच्यासोबत निघाली. एसटीत ओळखीचा कंडक्टर होता, त्याने पुढची सीट दिली. ड्रायव्हरनेही वळून नमस्कार केला. नंदाबाई खिडकीशी बसली. सकाळचं ऊन पसरलं होतं. नदीत पाणी नव्हतं, पात्रात शेरडं चरत होती.

"आला," मच्छिंद्र म्हणाला.

गाडीने गिअर बदलला आणि चढावर घेतलं. नंदाबाईने खिडकीची दांडी धरली. त्याने बोटाने जागा दाखवली. तिला नीट बघून होईपर्यंत गाडी उताराला लागली होती, आणि लगेच दोन्हीकडे बाभळी सुरू झाल्या. तिने मान मागे वळवली, पण मागच्या सीटवरच्या माणसांमुळे तिला काही दिसलं नाही.

"एवढुसाच पूल?" ती म्हणाली.

"हां."

"मला लई मोठा वाटला व्हता." पदराने तोंड पुसून तिने त्याच्याकडे न बघताच विचारलं, "लगेच गेली असंल ना हो ती? काही कळलं नसंल तिला?"

मच्छिंद्रच्या मनगटावर घड्याळ होतं. त्याने दुसऱ्या हाताने ते झाकून घेतलं.

"लगेच गेली," तो म्हणाला. "काहीच कळलं न्हाई."

नंदाबाईने मान हलवली आणि त्याच्या खांद्याला डोकं टेकलं. चारचौघांत तिने असं कधी केलं नव्हतं. कंडक्टर तिकिटं द्यायला पुढे आला होता, तो न बोलता मागच्या सीटकडे वळला. भोकरदन येईपर्यंत ती तशीच डोळे मिटून बसली होती आणि मच्छिंद्र खांदा न हलवता समोरच्या काचेतून रस्ता बघत होता.